उघड्यावरचा संसार आणि कॅमेरा

जे कुटुंब इमारतीत किंवा घर म्हणता येईल अशा कोणत्याही जागेत राहत नाही आणि रस्त्याकडेला, फूटपाथवर, सिमेंटच्या मोठ्या नळात, उड्डाणपुलाखाली, जिन्याखाली, देवळाच्या आवारात, मांडवात किंवा रेल्वेच्या फलाटावर राहते, त्याला भारताची जनगणना बेघर कुटुंब म्हणते. या लोकांची मोजणी दिवसा करता येत नाही, कारण दिवसा ते इतर माणसांसारखेच कामावर असतात. म्हणून २०११ च्या जनगणनेत २८ फेब्रुवारीच्या रात्री प्रगणकांना बाहेर पडावे लागले. त्या मोजणीत देशात १७ लाख ७० हजारांहून अधिक माणसे बेघर भरली. महाराष्ट्रात ती २ लाख १० हजारांवर होती; उत्तर प्रदेशाखालोखाल हा देशातला दुसरा क्रमांक. मोजणी एका रात्रीची, अंधारातली आणि पांघरुणाखाली झोपलेल्यांची, तेव्हा बरेच जण सुटले असणार, ही स्वयंसेवी संस्थांची तक्रार रास्तच आहे.

प्रगणकाची जी अडचण तीच चित्रपटकर्त्याची. मुंबईच्या रस्त्यावर कॅमेरा लावला की चौकटीच्या कडेला कुणीतरी पथारी टाकून पडलेले दिसतेच. तरी त्या माणसाचा दिवस कसा जातो, हे भारतीय चित्रपटातून फार थोड्या वेळा कळते. पटकथेला घटना लागते. बेघरपणात घटना थोड्या आणि रोजची तीच ती कामे फार. झोपडी पाडायला बुलडोझर येतो ती घटना. पण बुलडोझर कधीतरी येतो, पाणी मात्र रोज आणावे लागते.

ही रोजची कामे कोणती, ते आधी पाहिले पाहिजे. दुकानाच्या पायरीवर झोपणाऱ्याची सकाळ दुकानदाराच्या वेळेवर ठरते. शटर उघडण्याआधी अंथरूण गुंडाळून, पायरी झाडून जागा मोकळी करायची. पायरी स्वच्छ ठेवणे हेच तिथले भाडे. पाणी हॉटेलच्या मागच्या नळाचे, गळक्या जलवाहिनीचे, नाहीतर विकतचे. सार्वजनिक शौचालयात दर खेपेला पैसे मोजायचे, आणि चार-पाच माणसांच्या कुटुंबात हा खर्च भाजीपाल्याच्या खर्चाला येऊन भिडतो. बायका अंधाराची वाट पाहतात आणि त्यासाठी दिवसभर पाणी कमी पितात. सामान ठेवायला कुलूप नाही, म्हणून घरातले एक माणूस गाठोड्याजवळ बसून राहते. रस्त्याने जाणाऱ्याला ते रिकामटेकडे वाटते. खरे तर ते राखणीच्या कामावर असते. रेशनकार्ड, आधारकार्ड, मुलाच्या जन्माचा दाखला हे सारे प्लास्टिकच्या पिशवीत आणि पिशवी उशाखाली. पावसाळ्यात चूल पेटत नाही, ताडपत्रीला भोक पडले की रात्र उभ्याने काढावी लागते. झोप तर सलग मिळतच नाही. हवालदाराची काठी, दारुड्याचा धक्का, कुत्री, ट्रकचा दिवा. वाईट घरात राहण्याशी या जगण्याची तुलना होत नाही, कारण घर जी कामे गुपचूप करते ती सगळी इथे माणसाला अंगमेहनतीने करावी लागतात.

झोपडपट्टी आणि फूटपाथ यांत म्हणूनच फरक आहे, आणि चित्रपटांनी तो बहुतेक वेळा पुसून टाकला आहे. झोपडीला दार असते, आतून कडी असते, शेजार असतो, वर्षानुवर्षांचा पत्ता असतो. फूटपाथवरच्या माणसाला यातले काही नसते. यवतमाळ जिल्ह्यातल्या मारेगावात बसून हिंदी चित्रपट पाहणाऱ्या प्रेक्षकाच्या मनात मात्र ‘गरिबांची मुंबई’ असे एकच चित्र उमटते, आणि त्यात धारावीची गल्ली, पुलाखालची चूल आणि स्टेशनवरचे पोर सगळे एकाच रांगेत उभे असते.

स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या दशकात हिंदी चित्रपटाने फूटपाथला बराच मान दिला. राज कपूर यांच्या ‘श्री ४२०’ मध्ये (१९५५) अलाहाबादहून आलेला पदवीधर मुंबईच्या फूटपाथवर झोपायची जागा शोधतो, आणि तिथलीच माणसे त्याला आपलेसे करतात. त्याआधीच्या वर्षी त्यांच्याच संस्थेचा, प्रकाश अरोरा दिग्दर्शित ‘बूट पॉलिश’ आला. त्यातली भोला आणि बेलू ही भावंडे भीक मागणे सोडून बूट पॉलिशचा धंदा करू पाहतात. पाऊस लागला की रस्त्यावर चिखल होतो, चिखलात कुणी बूट चमकवून घेत नाही आणि मुलांची चूल विझते. हवामानाचा आणि पोटाचा असा सरळ हिशोब त्या काळच्या गाण्याबजावण्याच्या चित्रपटात आला, हे विशेष. शेवट मात्र दत्तकविधानाने गोड होतो. बेलूचे काम करणाऱ्या बेबी नाझची कानच्या महोत्सवात खास दखल घेतली गेली.

ख्वाजा अहमद अब्बास यांचा ‘शहर और सपना’ (१९६३) हा या सगळ्यांहून हट्टी चित्रपट. मुंबईत घर न मिळालेले तरुण जोडपे रस्त्याकडेला पडलेल्या सिमेंटच्या नळात संसार थाटते. अब्बास पत्रकार होते आणि वर्तमानपत्री डोळा त्यांनी चित्रपटातही मिटला नाही. या चित्रपटाला त्या वर्षीचे राष्ट्रपती सुवर्णपदक मिळाले. जनगणनेच्या व्याख्येत जो सिमेंटचा नळ आहे, तो कुणा कारकुनाच्या कल्पनेतून आलेला नाही. माणसे त्यात खरोखर राहत होती आणि पडद्याने ते दाखवले होते.

मराठी माणसाला सर्वांत जवळचा बेघर मात्र फूटपाथवर जन्मलेला नाही. वि. वा. शिरवाडकरांच्या ‘नटसम्राट’ मधील (१९७०) गणपतराव बेलवलकर हा पैसाअडका, मानमरातब असलेला नट आपले सर्वस्व मुलांना वाटून देतो आणि रस्त्यावर येतो. डॉ. श्रीराम लागूंनी रंगभूमीवर आणि २०१६ च्या महेश मांजरेकरांच्या चित्रपटात नाना पाटेकरांनी हा म्हातारा उभा केला. घर मागणारे त्याचे स्वगत शाळेच्या स्नेहसंमेलनात पोरेदेखील म्हणतात. पण प्रेक्षकाचे डोळे भरून येतात ते मोठा माणूस कुठल्या कुठे येऊन पडला म्हणून. त्याला आधार देणारा बूट पॉलिशवाला राजा आधीपासूनच रस्त्यावर आहे, आणि त्याच्यासाठी कुणी रडत नाही. मध्यमवर्गीय मराठी कलेने बेघरपणाकडे बहुधा असेच पाहिले, पडझड म्हणून. ज्यांची पडझड व्हायला मुळात काही उभेच नव्हते, त्यांच्याकडे तिची नजर उशिरा गेली.

जयवंत दळवींच्या ‘चक्र’ या कादंबरीने ही नजर वळवली, आणि रवींद्र धर्मराज यांनी तीवर त्याच नावाचा हिंदी चित्रपट केला (१९८१). स्मिता पाटील यांनी साकारलेली अम्मा गावाकडून पळून मुंबईच्या झोपड्यांत आली आहे, वयात आलेला मुलगा बरोबर आहे, आणि डोक्यावरचे छप्पर केव्हा जाईल याचा भरवसा नाही. चित्रपटाला लोकार्नोच्या महोत्सवात सुवर्ण बिबळ्या मिळाला, स्मिता पाटील यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. चर्चा मात्र झाली ती अम्मा उघड्यावर अंघोळ करते त्या दृश्याची. चित्रपटात ते दृश्य चोख आहे: भिंत नाही, म्हणून बाई उघड्यावर अंघोळ करते, आजूबाजूचे आपापल्या कामात असतात. वितरकांनी तेच दृश्य पोस्टरवर मोठे करून रस्तोरस्ती लावले आणि त्याचा अर्थ उलटा झाला. स्मिता पाटील यांनाही ते खटकले होते. आडोसा नसण्याची अडचण दाखवावी तर चित्र स्वतःच त्या बाईचा उरलासुरला आडोसा काढून घेते. हा पेच पुढे प्रत्येक दिग्दर्शकाला पडला आहे. पारोमिता व्होरा यांनी ‘क्यूटूपी’ (२००६) या माहितीपटात बायकांच्या शौचालयांचाच विषय घेतला आणि त्यावर उपाय काढला: शरीर न दाखवता रांग दाखवायची, कुलूप दाखवायचे, अंतर दाखवायचे. हसत-खेळत केलेला हा माहितीपट ‘चक्र’च्या पोस्टरला दिलेले उत्तर म्हणूनही पाहता येतो.

महाराष्ट्रातील बेघरांवरच्या चित्रपटांचा मेरू मात्र आनंद पटवर्धन यांचा ‘हमारा शहर’ (१९८५) हाच आहे. तो समजायला आधीची हकिगत ठाऊक हवी. १३ जुलै १९८१ रोजी तेव्हाचे मुख्यमंत्री अ. र. अंतुले यांनी मुंबईतील फूटपाथवर राहणाऱ्यांना हटवून आपापल्या मूळ गावी धाडण्याची घोषणा केली. ऐन पावसात झोपड्या तोडल्या गेल्या, माणसांना बसमध्ये घालून शहराबाहेर नेण्यात आले. याविरुद्ध पत्रकार ओल्गा टेलिस आणि काही फूटपाथवासी स्वतः न्यायालयात गेले. सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायाधीशांच्या घटनापीठाने १० जुलै १९८५ रोजी निकाल दिला. सरन्यायाधीश होते यशवंतराव चंद्रचूड. माणसे फूटपाथवर राहतात ती हौसेने नव्हे, रोजगार तिथून पायी जाण्याच्या अंतरावर आहे म्हणून; त्यांना तिथून काढणे म्हणजे त्यांचे पोट काढणे; आणि जगण्याच्या मूलभूत हक्कात उपजीविकेचा हक्क येतो, असे न्यायालयाने म्हटले. कायद्याचे विद्यार्थी आजही हा निकाल अभ्यासतात. फूटपाथवासीयांच्या हाती मात्र त्या वेळी एवढेच आले की ३१ ऑक्टोबरपर्यंत, म्हणजे पावसाळा सरेपर्यंत, त्यांना हटवू नये. १९७६ च्या झोपडी-गणनेत ज्यांची नोंद होती त्यांना पर्यायी जागा मिळणार होती. कागद जपून ठेवलेली ती प्लास्टिकची पिशवी इथे न्यायालयाच्या निकालात येऊन पोचते.

पटवर्धनांनी याच वर्षांत चित्रीकरण केले. साधारण सव्वा तासाचा हा माहितीपट १६ मिलिमीटरच्या फिल्मवर आहे आणि कॅमेऱ्यामागे रंजन पालित आहेत. मुंबई सुंदर व्हावी म्हणून काळजी करणारी सुखवस्तू माणसे, पालिका आणि पोलीस यांचे वरिष्ठ अधिकारी आपापली बाजू सरळ बोलतात. त्यांच्या बोलण्यावर निवेदकाची टिप्पणी नाही. लगेच पुढच्या दृश्यात त्यांच्याच इमारती बांधणारे मजूर भेटतात. ही कातर-जोड पटवर्धनांची खासियत आहे; कधीकधी ती जरा जास्तच सोयीची होते, हेही कबूल करायला हवे. पण तोडलेल्या झोपडीच्या जागी पत्रा, बांबू, भांडी वेचणारी माणसे पाहताना असे काही वाटत नाही. झोपडी तोडणे काही मिनिटांचे काम असते आणि ती पुन्हा उभी करणे दोन दिवसांचे, हे त्या दृश्यांत शब्दाविना कळते.

या माहितीपटातील सर्वांत जास्त बोलले गेलेले दृश्य वेगळेच आहे. झोपडी गेलेली एक बाई कॅमेऱ्याकडे वळते आणि चित्रण करणाऱ्यांनाच फैलावर घेते. गरिबांचे फोटो काढून तुम्ही नाव कमावणार, आमच्यासाठी काय करणार, असा तिचा रोख आहे. संकलनाच्या टेबलावर हे दृश्य काढून टाकणे सोपे होते. पटवर्धनांनी ते ठेवले. बेघरांवर चित्रपट काढणाऱ्या कुणालाही या बाईला वळसा घालून पुढे जाता येत नाही.

पुढे काय झाले हेही सांगण्यासारखे आहे. ‘हमारा शहर’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, पण दूरदर्शनवर दाखवला जावा म्हणून चार वर्षे न्यायालयात भांडावे लागले. १९८६ मध्ये दक्षिण मुंबईतील संजय गांधी नगर पाडले गेले, तेव्हा निवारा हक्क सुरक्षा समितीच्या उपोषणाला पटवर्धन आणि शबाना आझमी बसले आणि रहिवाशांना गोरेगावात दिंडोशीला जागा मिळाली. त्या बाईच्या प्रश्नाचे एक उत्तर असे कॅमेरा बाजूला ठेवून द्यावे लागले. चित्रपटात गाणारे शाहीर विलास घोगरे स्वतः मुलुंडच्या झोपडीत राहत. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलीस गोळीबारात दहा जण मेले. त्यानंतर काही दिवसांतच घोगरे यांनी आत्महत्या केली. त्या मृत्यूपासून सुरू झालेले चित्रण चौदा वर्षांनी ‘जय भीम कॉम्रेड’ (२०११) म्हणून पूर्ण झाले.

त्याच १९८५ मध्ये ‘स्पार्क’ या संस्थेने भायखळा भागातील फूटपाथवरच्या सुमारे ६ हजार कुटुंबांची पाहणी केली. अहवालाच्या नावाचा अर्थ होता ‘आम्ही, अदृश्य’. चित्रपट आणि पाहणी यांनी एकच गोष्ट दोन मार्गांनी मांडली.

मीरा नायर यांच्या ‘सलाम बॉम्बे!’ने (१९८८) कथापटात माहितीपटाची शिस्त आणली. सूनी तारापोरवाला यांनी रस्त्यावरच्या मुलांमध्ये फिरून पटकथा लिहिली. खऱ्या मुलांची काही आठवड्यांची कार्यशाळा घेतली गेली, आणि तिथे त्यांना अभिनय शिकवण्यापेक्षा हिंदी चित्रपट पाहून अंगात भिनलेला अभिनय विसरायला लावणे जास्त अवघड गेले. चित्रण कामाठीपुऱ्यासारख्या वस्त्यांत, खऱ्या गर्दीत झाले. कृष्णा या मुलाला गावी परतायला ५०० रुपये जमवायचे आहेत. चहाचे ग्लास पोचवून तो पैसे साठवतो, लपवून ठेवतो, आणि त्याचाच मित्र नशेसाठी ते पळवतो. कुलूप नसणे म्हणजे काय, ते एवढ्या एका प्रसंगात आले. दुसरा प्रसंग त्याहून छोटा आहे. कृष्णा पत्र लिहून देणाऱ्याकडून आईला पत्र लिहवून घेतो, पैसे देतो, पण पोराला गावाचा धड पत्ता सांगता येत नाही, आणि तो लेखनिक पत्र फेकून देतो. लेखनिकाचे काम करणाऱ्या तरुण इरफान खान यांची ही चित्रपटातली जवळजवळ पहिली ओळख. ज्याला स्वतःचा पत्ता नाही, त्याचा गावाचा पत्ताही हळूहळू हरवतो, हे इथे दिसते.

‘सलाम बॉम्बे!’ला कानचा ‘कॅमेरा द’ऑर’ मिळाला, ऑस्करचे नामांकन मिळाले. त्यातून उभ्या राहिलेल्या सलाम बालक ट्रस्टचे काम दिल्ली आणि मुंबईत आजही चालू आहे. कृष्णाचे काम करणारे शफीक सैयद राष्ट्रीय पुरस्कार मिळवूनही पुढे बंगळूरूला रिक्षा चालवू लागले. याची बातमी दर काही वर्षांनी नव्याने छापून येते, जणू रिक्षा चालवणे हीच शोकांतिका. वीस वर्षांनी ‘स्लमडॉग मिलिअनेअर’ आला आणि फेब्रुवारी २००९ मध्ये त्याने आठ ऑस्कर पटकावले. त्याच वर्षी मे महिन्यात चित्रपटातील एका बालकलाकाराची वांद्र्याची झोपडी पालिकेने पाडली. निर्मात्यांनी त्या मुलांसाठी विश्वस्त निधी उभा केला. पण लाल गालिच्यापासून बुलडोझरपर्यंत अंतर तीनच महिन्यांचे निघाले.

रोजचेच दाखवायचे आणि तरी प्रेक्षक बसवून ठेवायचा, याची युक्ती इटलीच्या दिग्दर्शकांनी युद्धानंतर शोधली. व्हित्तोरिओ द सिकाच्या ‘उंबेर्तो डी.’ मध्ये (१९५२) घरभाडे थकलेल्या म्हाताऱ्याची गोष्ट आहे. पण त्यातले गाजलेले दृश्य आहे ते मोलकरणीच्या सकाळचे. ती उठते, चूल पेटवते, कॉफी दळते. घडत काहीच नाही, तरी कॅमेरा तिला सोडत नाही. बेघरपणावर चित्रपट काढणाऱ्याला या धीराची फार गरज असते. ब्रिटनमध्ये केन लोच यांनी उलट वाट घेतली. बीबीसीवर १६ नोव्हेंबर १९६६ रोजी दाखवलेल्या ‘कॅथी कम होम’ मध्ये तरुण कुटुंब पायरीपायरीने घरातून निवाऱ्यात आणि निवाऱ्यातून रस्त्यावर येते, आणि सरकारी खाते शेवटी आईपासून मुले काढून घेते. सव्वा कोटीच्या आसपास लोकांनी ते पाहिले. त्यानंतर दोनच आठवड्यांनी सुरू झालेल्या ‘शेल्टर’ या संस्थेला त्या खळबळीचा मोठा आधार मिळाला. न्यूयॉर्कच्या रेल्वे बोगद्यात राहणाऱ्यांवरचा मार्क सिंगरचा ‘डार्क डेज’ (२०००) आणखी पुढे गेला: बोगद्यातले रहिवासीच त्याचे तंत्रज्ञ झाले, दिवे त्यांनीच लावले, गाड्या त्यांनीच ढकलल्या. ‘तुम्ही नाव कमावणार’ हे वाक्य तिथे पूर्ण गैरलागू नव्हते, पण त्याची धार कमी झाली.

एवढ्या सगळ्या चित्रपटांत एक गोष्ट सारखीच आहे. ते शहराचे आहेत. २०११ च्या जनगणनेने मोजलेल्या बेघरांपैकी ८ लाख ३० हजारांहून अधिक, म्हणजे जवळजवळ निम्मे, ग्रामीण भागात होते. पडद्यावर त्यांचा वाटा एक शतांशही नसेल. सर्वोच्च न्यायालयाने २०१० च्या आदेशांत शहरांसाठी दर लाख लोकसंख्येमागे एक निवारागृह असा हिशोब घातला; मारेगावसारख्या तालुक्याच्या गावाची लोकसंख्या लाखाच्या जवळपासही नाही. म्हणजे इथे बेघर माणूस असला तरी तो या हिशोबात बसत नाही, आणि पडद्यावर तर नाहीच.

मारेगाव यवतमाळ जिल्ह्याच्या पूर्वेला, वणीहून करंजीकडे जाणाऱ्या रस्त्यावर आहे. कापसाचा मुलूख, शेजारी वणी भागातल्या कोळशाच्या खाणी, आणि आत गेल्यावर कोलामांचे पोड. कोलाम महाराष्ट्रातील तीन अतिअसुरक्षित आदिम जमातींपैकी एक. पण पोडावर कुडाची का होईना घरे असतात. उघड्यावर असतात ती दुसरीच माणसे: पाल टाकून फिरणाऱ्या भटक्या जमाती, वीटभट्टीवर आलेली कुटुंबे, मेंढपाळ, हंगामाची मजुरी करणारे. फूटपाथवरच्या माणसापेक्षा त्यांचा दिवस वेगळा असतो. पालात उभे राहता येत नाही, बसूनच सगळे करायचे. चूल पालाबाहेर, तीन दगडांची. पाणी मागायला गावाच्या हातपंपावर जायचे तर गावाची मर्जी पाहावी लागते. वीटभट्टीवरचे बिऱ्हाड कच्च्या विटांच्या आडोशाला असते. विटा विकल्या की भिंतही जाते. चोरी झाली की पोलीस आधी पालावर येतात. ही १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याची देणगी. कायदा १९५२ मध्ये गेला, सवय गेली नाही. शिवाय १९५९ च्या भिक्षा प्रतिबंधक कायद्यात गाणे, नाचणे, भविष्य सांगणे, खेळ करणे हेसुद्धा भीक मागण्याचे निमित्त ठरू शकते. म्हणजे पिढीजात कला हाच गुन्हा.

या जगाचे बारकावे मराठीत पुस्तकांनी दिले. लक्ष्मण माने यांचे ‘उपरा’ (१९८०) आणि लक्ष्मण गायकवाड यांचे ‘उचल्या’ (१९८७) या दोन्हींना साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. चित्रपट फार मागे राहिला. विदर्भाकडे तो वळला तेव्हा शेतकरी आत्महत्यांसाठी वळला. सतीश मनवर यांचा ‘गाभ्रीचा पाऊस’ (२००९) त्यातला उत्तम नमुना. पण त्या गोष्टीत शेत आहे, घर आहे, घरातली माणसे आहेत. ज्याला सातबाराच नाही त्याची गोष्ट तिथे येत नाही.

ती आली भाऊराव कऱ्हाडे यांच्या ‘ख्वाडा’ मध्ये (२०१५). तेव्हाच्या अहमदनगरकडच्या या दिग्दर्शकाने आपली शेतजमीन विकून हा चित्रपट केला, आणि विषय निवडला तो जमीन गेलेल्या धनगर कुटुंबाचा. शशांक शेंडे यांनी उभा केलेला रघू कऱ्हे वनखात्याने घेतलेल्या जमिनीसाठी वर्षानुवर्षे कोर्टात खेटे घालतो आणि तोवर मेंढरांमागे माळ तुडवतो. धाकट्या मुलाला लग्न करून एका जागी राहायचे आहे. मुक्काम टाकणे, मेंढरे बसवणे, पहाटे बिऱ्हाड घोड्यावर लादणे, ज्याच्या शेतात उतरायचे त्याच्याशी गोड बोलणे, गावगुंडाची दादागिरी गिळणे: ही सगळी कामे चित्रपटात वेळ घेऊन येतात. जागेवरच्या ध्वनिमुद्रणासाठी त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, आणि तो योग्य ठिकाणी पोचला असे म्हणावे लागेल. भिंत नसलेल्या जगण्यात आवाज अडवायला काहीच नसते. वारा, मेंढरे, कुत्री, दूरची मोटार, बापाचा खोकला हे सगळे एकाच वेळी ऐकू येते, आणि स्टुडिओत बसून ते उभे करता येत नाही.

नागराज मंजुळे यांचा ‘झुंड’ (४ मार्च २०२२) मारेगावकरांना भूगोलाने जवळचा, नागपूरचा. क्रीडाशिक्षक विजय बारसे यांनी झोपडपट्टीतील मुलांसाठी सुरू केलेल्या ‘स्लम सॉकर’वर तो बेतला आहे, आणि त्यातली बहुतेक मुले नागपूरच्या वस्त्यांतूनच घेतली आहेत. ‘बेघरांचा विश्वचषक’ नावाची फुटबॉल स्पर्धा २००३ मध्ये ऑस्ट्रियातील ग्राट्स येथे सुरू झाली. छोटे मैदान, प्रत्येकी चार खेळाडू, सात-सात मिनिटांचे दोन डाव. भारताचा संघ तिथे पाठवायचा म्हणजे पासपोर्ट हवा, पासपोर्टला पत्ता हवा, पत्त्याला पुरावा हवा. रिंकू राजगुरू यांनी साकारलेली आदिवासी मुलगी बापाला घेऊन ओळखीचा पुरावा मिळवायला दारोदार हिंडते, तो भाग अनेक समीक्षकांना रेंगाळलेला वाटला. तो रेंगाळतो, कारण ते काम रेंगाळतेच. ज्याने कधी दाखल्यासाठी तहसील कचेरीत चार चकरा मारल्या आहेत त्याला ती लांबी खरी वाटेल.

आता चित्रणासाठी १६ मिलिमीटरचा कॅमेरा आणि फिल्मचा खर्च लागत नाही. खिशातल्या मोबाइलवर उजेड कमी असतानाही बरे चित्र येते. यवतमाळ जिल्ह्यात, बाजाराच्या मोकळ्या जागेत किंवा माळावर उतरलेल्या बिऱ्हाडाचा एक दिवस टिपणे कुणाही होतकरू मुलामुलीच्या आवाक्यात आहे. त्यांनी पहिले दोन दिवस मोबाइल बाहेरच काढू नये. अंघोळ आणि झोप यांचे चित्रण करण्याआधी ज्याचे त्याला विचारावे, मुलांच्या बाबतीत आईबापांना विचारावे. झालेला चित्रपट महोत्सवाला पाठवण्याआधी त्याच पालावर लावून दाखवावा. आणि पाल तोवर हलायचे असेल, तर पुढचा मुक्काम कुठल्या गावी आहे ते आधीच लिहून घ्यावे.